वासाच्या गोष्टी

३ फेब्रुवारी

ताप गेला आणि जाताना नाक घेऊन गेला. हे कुणाला सांगायची सोय नाही, म्हणून लिहितोय. डायरी लिहिणाऱ्या लोकांचा मला मनापासून कंटाळा आहे. सकाळी काय खाल्लं आणि दुपारी काय वाटलं हे लिहून ठेवण्याइतकं कुणाचंच आयुष्य महत्त्वाचं नसतं. पण आज कॉफी प्यालो की चहा, हे मला डोळे मिटून सांगता येईना, तेव्हा वही काढली.

मी दुधाच्या डेअरीत आहे. धक्क्याला टँकर लागतो. मी शिडीने वर चढतो, सील तोडतो, झाकण उचलतो आणि त्याच क्षणी नाक आत घालतो. आत कोंडलेली हवा पहिल्या झटक्यात जे सांगते ते नंतर सांगत नाही. मग मी 'घ्या' म्हणतो, नाहीतर 'परत'. 'घ्या' म्हटलं की पाइप लागतो, 'परत' म्हटलं की टँकर आल्या वाटेने जातो. केमिस्टबाईंच्या काचेच्या नळ्या दूध आंबलंय का, पाणी घातलंय का, ते सांगतात. पण जनावराने कुठला भलता पाला खाल्ला, झाकणाचं रबर कुजलं, टँकर धुऊन नीट विसळला नाही, हे नळीला कळत नाही. ते मला कळतं. कळायचं.

सगळी डेअरी मला 'नाक' म्हणते. 'नाक आलं का?' 'नाकाला विचारा.' तोंडावरसुद्धा म्हणतात. मी रागावल्यासारखं करतो आणि मनातून फुगतो. लोक पोटासाठी किळस सोडतात, मी पोटासाठी ती जपली. आता ती गेली. कशाचीच घाण येत नाही आणि याच गोष्टीची मला सगळ्यात जास्त घाण वाटते.

८ फेब्रुवारी

शेजारीणबाई शिडी परत द्यायला आल्या आणि दारातच नाकाला रुमाल लावून उभ्या राहिल्या. म्हणाल्या, "काही मेलंय का हो घरात?"

मी खुर्चीत पेपर वाचत होतो. मला राग आला. माझ्या घरात येऊन मला वासाचं सांगणारी ही कोण? मी म्हटलं, "तुमच्याच गटारीकडून येत असेल."

तेवढ्यात बायको आतून आली. माझ्या खुर्चीच्या मागे वाकून तिने एक पिशवी काढली. आत बटाटे होते, निम्मे पाणी होऊन गेलेले. "विसरलेच बघा," ती शेजारणीला म्हणाली आणि पिशवी बाहेर टाकून आली. हात धुताना माझ्याकडे बघत होती.

ही बाई नळाची तोटीसुद्धा रोज पुसते. ती बटाटे विसरते, तेही बैठकीच्या खोलीत? वय झालं तिचं.

११ फेब्रुवारी

धक्क्यावर अजून कुणाला कळलेलं नाही. आंबट, खारट, गोड एवढं जिभेला समजतं, म्हणून एक थेंब जिभेवर टाकून बघतो. पूर्वी असं करत नव्हतो. केमिस्टबाईंनी विचारलं तर म्हटलं, "दुहेरी खात्री." त्यांना पटलं. जिभेला जे समजत नाही त्याच्यासाठी मी ड्रायव्हरचं तोंड बघतो. ज्याच्या दुधात खोट असते तो झाकण उघडताना दुसरीकडे बघतो, नाहीतर उगाच जास्त बोलतो. हे मला आधीही माहीत होतं, पण कधी गरज पडली नव्हती.

हे दूध गावभर जातं. इस्पितळातल्या लहान मुलांच्या वॉर्डालाही जातं. तिकडे विचार गेला की मी दुसरा विचार करतो. असल्या माणसाला काय म्हणतात ते मला ठाऊक आहे.

सांगून टाकलं तर काय होईल? नाक नसलेल्या नाकाला कोण ठेवेल? निवृत्तीला अजून वेळ आहे. दुसरं काही मला येत नाही.

१५ फेब्रुवारी

बायकोने केसाला लावायचं वासाचं तेल आणलं. हिरवी बाटली, वर फुलाचं चित्र. आमचं लग्न झाल्यापासून घरात अत्तर नाही, सुगंधी साबण नाही, वासाचं तेल तर नाहीच. माझं नाक सकाळी कोरं लागतं म्हणून तिनेच ठरवलं होतं, मी सांगितलं नव्हतं. म्हणजे पहिल्यांदा एकदा सांगितलं असेन.

बाटली आरशासमोर बघितली आणि मी म्हटलं, "केवढा हा उग्र वास! डोकं उठलं माझं. सकाळी धक्क्यावर मी काय डोंबल हुंगणार?"

ती म्हणाली, "अजून उघडली नाहीये."

"बूच सैल असेल," मी म्हटलं.

तिने बाटली उचलून बघितली, पुन्हा ठेवली. पूर्वी असली ताणाताणी दोन दिवस चालायची. या वेळी मी एका वाक्यात जिंकलो.

१९ फेब्रुवारी

वाचनालयातून तिने पुस्तक आणलं आहे. जगातल्या वेगवेगळ्या मुलखांतल्या जुन्या, नावाजलेल्या कथा, मराठीत आणलेल्या. उशी करावी इतकं जाड. मला म्हणाली, "माझ्या डोळ्यांतून पाणी येतं, तुम्ही वाचून दाखवा."

मी गोष्टी वाचत नाही. जे घडलंच नाही ते वाचायला मी काय रिकामा आहे? आणि हे बाहेरचे नावाजलेले लेखक म्हणजे तर पानंच्या पानं बर्फ आणि उसासे. पण पहिली पाळी संपवून मी दुपारी घरी असतो आणि हल्ली जेवणावरही वेळ जात नाही. बसलो.

गोष्ट एका भाड्याच्या खोल्या असलेल्या घराची होती. एक कारकून तिथे राहतो आणि आपल्याला भेटायला कुणीतरी येणार म्हणून जिन्यात उभा असतो. एवढंच. कुणी येत नाही. लेखकाने मात्र तो जिना असा लिहिलाय की बस. खाली उकडलेल्या कोबीची वाफ. पहिल्या मजल्यावर भिजलेले लोकरीचे कोट. दुसऱ्या मजल्यावर मांजर मुतलंय आणि कुणीतरी त्यावर व्हिनेगर ओतलंय. तो कारकून वास टाळायला तोंडाने श्वास घेतो, आणि मग तोंडात तीच चव येते.

इथे माझं नाक मुरडलं.

मी मुरडलं नाही, ते आपोआप मुरडलं. घशाशी आलं. मी थांबलो. खोलीत कसलाही वास नव्हता, म्हणजे असला तरी मला येत नव्हता, आणि तरी मला मांजराचं मूत आणि व्हिनेगर स्पष्ट आलं. मी म्हटलं, "शी, किती घाणेरडं लिहितात हे लोक."

"मग ठेवू का परत?" बायकोने विचारलं.

मी म्हटलं, "आणलंय तर वाचू. वाया कशाला घालवायचं."

ती गोष्ट ऐकत नव्हती. माझ्याच तोंडाकडे बघत होती.

२३ फेब्रुवारी

मला या लेखकांची रीत समजली. गोष्ट म्हणजे टँकर. पहिलं वाक्य म्हणजे झाकण. उघडल्याबरोबर जर काही आलं नाही, तर पुढे ढवळून उपयोग नाही. मी आता तसंच करतो. पहिला परिच्छेद वाचतो आणि मोठ्याने म्हणतो, 'घ्या' किंवा 'परत'. बायको हसते. आज पाच गोष्टींतल्या दोन परत केल्या. एकीत नुसत्या टेकड्या होत्या. दुसरीत एक बाई खिडकीत बसून स्वतःविषयी विचार करत होती, आणि तिच्या खोलीला काही म्हणजे काही वास नव्हता. त्या घरात कुणी राहत असेल असं मला वाटलं नाही.

घेतलेल्यांपैकी एक बेटावरची. कोळ्याची विधवा नवऱ्याचा तेलकट कोट पलंगाखाली ठेवते. त्याला मासळीचा, घामाचा, तंबाखूचा वास. शेजारी तक्रार करतात, मुलगा ओरडतो, ती ऐकत नाही. शेवटी सून एक दिवस तो धुऊन वाळत घालते. म्हातारी दोरीखाली उभी राहून कोटात तोंड घालते आणि तिला फक्त साबण येतो. संपली गोष्ट.

घाणेरडी बाई. वाचताना माझा घसा दुखत होता. ताप राहिला असेल अजून आत.

१ मार्च

आज दोन गोष्टी. एकीत कुजलेला जखमी पाय. दुसरीत चामडं कमावायचं पिंप. झकास.

६ मार्च

पुस्तक मीच परत करायला गेलो. ग्रंथपाल जाड चष्म्याचा माणूस आहे, बोटाला थुंकी लावून पानं उलटतो. तेवढं बघूनच माझा जीव अर्धा झाला. तो म्हणाला, "वहिनी फार चोखंदळ बुवा. कपाटासमोर तास-तास उभ्या राहून चाळतात. परवा एक चांगला संग्रह दिला, तर पाच मिनिटांत परत. म्हणाल्या, यात सगळं स्वच्छच आहे, चालायचं नाही. बोला आता."

मी कपाळाला हात लावला. म्हणजे इतकी वर्षं जी बाई माझ्या बुटांना घरात येऊ देत नाही, तिला आतून हीच आवड? माणसाबरोबर जन्म काढला तरी तो कळत नाही म्हणतात ते खरं आहे. डोळ्यांतून पाणी येतं म्हणते, आणि तिथे तास-तास उभी राहून चाळते. असो. प्रत्येकाला एखादा शौक असतो.

नवीन पुस्तकही तिने निवडून ठेवलेलंच होतं. वरच्याच गोष्टीत खाटीकखाना.

१० मार्च

आज एक टँकर परत पाठवला. ड्रायव्हर खाली उतरल्यापासून बडबडत होता. रस्ता, ऊन, बायकोचं माहेर. मी झाकण उघडलं तेव्हा त्याने बुटाची नाडी बांधायला घेतली, आणि ती सुटलेली नव्हती. मी नाक आत घातलं, अर्थातच काही आलं नाही, आणि म्हटलं, "परत." तो फार भांडला नाही, तिथेच मला कळलं. केमिस्टबाईंनी खात्रीसाठी नमुन्याची बाटली हुंगली आणि म्हणाल्या, "बापरे, रॉकेल. तुम्हाला लगेच कसं कळतं हो?"

हे त्या बेटावरच्या आणि जिन्यातल्या लेखकांनी शिकवलं, असं मी त्यांना कसं सांगणार? पण खरं तेच आहे. इतक्या गोष्टी वाचल्यावर माणूस समोर आला की आतलं दिसायला लागतं. नाकाशिवायही नोकरी होऊ शकते. आज मी घरी येताना बऱ्याच दिवसांनी शीळ घातली. शीळ घालणाऱ्या माणसांचा मला एरवी वैताग येतो.

१४ मार्च

बायकोने विचारलं, "सगळं ठीक आहे ना धक्क्यावर?"

"ठीक नसायला काय झालं?"

"काही नाही. डॉक्टरांकडे जाऊ या का एकदा? तापानंतर दाखवलंच नाही."

मी म्हटलं, मला काही झालेलं नाही. ती म्हणाली, "बरं," आणि पुस्तक पुढे केलं. आजची गोष्ट कसायाची होती. हा कसाई दिवसभर दुकानात मांस तोलतो. उन्हाळा, माश्या, लाकडाच्या ओंडक्यावर वाळलेलं रक्त, आतल्या खोलीत आतडी. गिऱ्हाइकं म्हणतात, आज याचे डोळे लाल आहेत, प्यायलाय. कुणी भाव पाडतं, कुणी टोमणे मारतं. शेवटी दुकान बंद करून तो घरी जातो तेव्हा कळतं की पहाटेच त्याने बायकोला पुरलंय, आणि दुकान उघडलं कारण मांस टिकलं नसतं.

मांस टिकलं नसतं. हे वाक्य ज्याने लिहिलं त्याला धंदा माहीत होता. आमचंही तसंच असतं. मला अन्न गेलं नाही, आणि हे मी चांगल्या अर्थाने लिहितोय.

१७ मार्च

आज मी एक माणूस बरोबर वाचला, म्हणून लिहून ठेवतो.

दाढीवाला ड्रायव्हर आला. मुकाटपणे टँकर लावला. डोळे लालभडक, पापण्या सुजलेल्या, सारखा बाहीने पुसत होता. नजर चुकवत नव्हता, बडबडही नाही. मी विचारलं, "काय झालं?" तो म्हणाला, "काही नाही साहेब, होतं असं." आवाजही घोगरा.

मला तो कसाई आठवला. मी म्हटलं, याच्या घरात कुणीतरी गेलंय आणि हा आलाय, कारण दूध टिकलं नसतं. झाकण उघडलं, थेंब जिभेवर घेतला. गोड, ताजं. त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि 'घ्या' म्हटलं. तो जरा चमकला. अशा वेळी माणसाला सहानुभूतीची सवय नसते.

केमिस्टबाईंच्या नळ्याही ठीक निघाल्या. पूर्वीचा मी त्याला दुःखात एक शब्दही बोललो नसतो. वाचनाने माणूस सुधारतो म्हणतात ती अगदीच थाप नाही.

१८ मार्च

लिहायला नको वाटतंय, पण लिहितो.

कामगारांना डेअरीचं दूध घरपोच मिळतं. आज माझी सुट्टी. सकाळी बायकोने पिशवी फोडली, दूध तापवलं, पेला माझ्यासमोर ठेवला. तिने स्वतः घेतलं नाही. मी पेपर वाचत अर्धा पेला प्यालो.

"कसं आहे?" तिने विचारलं.

"दूध आहे," मी म्हटलं. "दूध कसं असणार?"

तिने पेला माझ्या हातातून काढून घेतला आणि मोरीत ओतला. पातेलंही ओतलं. मग माझ्यासमोर बसली. म्हणाली, "अहो, या दुधाला फिनेलसारखा वास येतोय. पिशवी फोडली तेव्हाच कळलं. हे काल तुम्हीच घेतलंत ना?"

मी म्हटलं, पिशवीचा असेल. मी म्हटलं, तुझ्या हातांना असेल, सकाळी फरशी पुसलीस. तिने हात पुढे करून टेबलावर ठेवले, मी हुंगावे म्हणून. मी हुंगले नाहीत. हुंगून काय कळणार होतं?

आणि तेव्हा मला दाढीवाल्याचे डोळे समजले. त्याच्या घरी कुणी मेलं नव्हतं. टँकरच्या आत उतरून जंतुनाशकाने धुताना वाफेने डोळे सुजले होते, घसा बसला होता. धुतल्यावर नीट विसळलं नाही. मी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. या बावळटपणाची आठवण झाली की अंगावर काटा येतो. जगातल्या मोठमोठ्या लेखकांना साक्षी ठेवून मी गावाला जंतुनाशक पाजलं.

बायको म्हणाली, "वॉर्डाची गाडी किती वाजता निघते?"

तिला ते माहीत आहे. मी रोजच सांगतो की वॉर्डाची गाडी सगळ्यात शेवटी निघते, कारण तिथे नाश्ता उशिरा असतो. म्हणजे अजून वेळ होता. मी म्हटलं, "थोडंसं असेल. तापवल्यावर उडून जातं. केमिस्टबाईंच्या टेस्टमध्ये..."

"तापवलेलंच तुम्हाला दिलं होतं," ती म्हणाली. तिने फोन उचलून माझ्यासमोर ठेवला. नंबर लावून दिला नाही. नुसता ठेवला.

मी फोनकडे बघत बसलो. मला आयुष्यात इतकी शिसारी कुणाची आली नसेल. त्या ड्रायव्हरची नाही. अर्धा पेला जंतुनाशक पिऊन पेपर वाचणाऱ्या माणसाची.

मॅनेजरना फोन केला. म्हटलं, कालच्या दुधाच्या सगळ्या गाड्या थांबवा, वॉर्डाची आधी. त्यांनी विचारलं, "कुणाला आला वास?"

"बायकोला."

"आणि तुम्हाला धक्क्यावर?"

मी म्हटलं, "मला काहीच येत नाही. ताप आल्यापासून येत नाही."

पलीकडे त्यांनी फोन न ठेवताच कुणाला तरी ओरडून गाडी अडवायला सांगितलेलं मला ऐकू आलं. गाडी गेटवरच होती.

२२ मार्च

कुणी आजारी पडलं नाही. तक्रारी आल्या, दूध परत आलं, फेकलं. मॅनेजर म्हणाले, "काढून टाकायला हवं तुम्हाला. पण स्वतःहून फोन केलात, म्हणून ठेवतो." मग म्हणाले, "धक्क्यावर नाही."

मला परतीच्या विभागात टाकलंय. फुटलेल्या, नासलेल्या, बाजारातून परत आलेल्या पिशव्या कापायच्या, दूध मोठ्या हौदात सोडायचं, तिथून ते सांडपाण्याच्या टाकीत जातं. तिथे आजवर कुणी टिकलेलं नाही. लोक तोंडाला फडकं बांधूनही ओकतात. मॅनेजरनी डोकं चालवलं, ज्याला वास येत नाही त्याला द्या. मी गुडघाभर आंबलेल्या दह्यात उभा राहून डबा खाऊ शकतो. खाल्लाही. बघणाऱ्याने तोंड फिरवलं.

कुणी मला आता नाक म्हणत नाही. काहीच म्हणत नाहीत. धक्क्यावर केमिस्टबाई स्वतः शिडी चढतात आणि मला बघितलं की खाली बघतात.

३० मार्च

बायको मला कानाच्या-नाकाच्या डॉक्टरांकडे घेऊन गेली. वेळ तिने आधीच घेऊन ठेवली होती. डॉक्टरांनी नळी घातली, आत बघितलं आणि म्हणाले, "येईल कदाचित. नाही येणार कदाचित. आणि आलंच तर सुरुवातीला उलटंसुलटं येतं. चांगल्या वस्तूलाही घाण वास लागतो. घाबरू नका." एवढं सांगायला यांना किती वर्षं शिकावं लागतं?

बायकोने मात्र ते परत परत विचारून घेतलं. "म्हणजे घाण आला तर चांगलं ना?" डॉक्टर हो म्हणाले.

मी तिला वाटेत म्हटलं, मी आता गोष्टी वाचणार नाही. त्या कसायाने मला फसवलं. ती म्हणाली, "कसायाने काय केलं? त्याची बायको खरंच गेली होती. ड्रायव्हरला खोदून विचारायचं होतं तुम्ही." हे मला त्या क्षणी अजिबात ऐकायचं नव्हतं. त्यात खोट काढता आली नाही, म्हणून जास्तच राग आला.

९ एप्रिल

वाचतोय. काय करणार? दिवसभर नासलेल्या दुधात उभं राहायचं आणि काहीच वाटू द्यायचं नाही, याने माणूस दगड होतो. घरी येऊन त्या म्हातारीचा कोट पुन्हा वाचला, तेव्हा कुठे आपण जिवंत आहोत असं वाटलं.

आज एक नवीन होती, सैनिकांच्या आगगाडीची. जखमी माणसं डब्यात कोंबलेली, पट्ट्या बदललेल्या नाहीत, खिडक्या बंद. त्या दुर्गंधीत कोपऱ्यातला एक जण खिशातून संत्रं काढतो आणि सोलतो. खात नाही. साल बोटांनी दाबतो आणि शेजाऱ्याच्या नाकाखाली धरतो. मग ती साल एकाकडून दुसऱ्याकडे डबाभर फिरते.

मला संत्रं आलं नाही. पट्ट्या आल्या, पू आला, घाम आला. संत्रं आलं नाही. मी ते पान तीनदा वाचलं. बायको म्हणाली, "राहू दे. संत्रं अवघड असतं."

तिला काय कळतंय त्यातलं, असं वाटलं.

२४ एप्रिल

एक गोष्ट लक्षात आली. तिने आजवर आणलेल्या एकूणएक पुस्तकात काही ना काही कुजलेलं, नासलेलं, तुंबलेलं असतंच. एवढ्या देशांचे एवढे नामवंत, आणि एकाचं मन स्वच्छ नाही. माझं मात्र नशीब चांगलं. बायकोला दुसरी आवड असती तर मी टेकड्या आणि सूर्यास्त वाचत मेलो असतो.

हल्ली ती ते तेल लावते. माझं नाक आता कोरं ठेवायची गरज नाही. लावताना आरशात स्वतःकडे बघते आणि मग माझ्याकडे. मी म्हणतो, "छान आहे." मला काय, पाणी लावलं तरी तेच.

२ जून

आज कॅन्टीनच्या चहात गटार होतं.

पहिला घोट घेतला आणि थुंकला. कॅन्टीनवाल्याला म्हटलं, "पाणी कुठलं वापरलंस? टाकीत उंदीर मेलाय बघ." बाकीचे तोच चहा पीत होते आणि माझ्याकडे बघत होते. एकाने स्वतःचा कप हुंगला आणि खांदे उडवले. मी त्याचा कप हिसकावून हुंगला. गटार. बिस्किट हुंगलं. गटार, आणि वर जळकं रबर. साबण, पेपर, माझी बाही, माझा स्वतःचा हात. सगळीकडे तेच. हौदाजवळ गेलो आणि आयुष्यात पहिल्यांदा भिंतीला धरून ओकलो. तिथून जाणाऱ्या केमिस्टबाई धावत आल्या. "बरं नाही का?" मी म्हटलं, "घाण येतेय हो. केवढी घाण येतेय." त्या माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या. मी हसत असेन.

अर्धी पाळी टाकून घरी आलो. वाटेत फुलवाल्याच्या दुकानासमोर उभं राहून फुलं हुंगली, फुलवाला काही बोलण्याच्या आत 'शी' म्हटलं आणि पुढे निघालो. मला डॉक्टरांचं आठवत होतं, पण त्यावर विश्वास ठेवायची हिंमत होत नव्हती. डॉक्टर लोक काहीही बोलतात.

बायको खिडकीशी बसून केस विंचरत होती. हिरवी बाटली शेजारी, उघडी. पलंगावर वाचनालयाची पिशवी. मी बुटांसकट आत गेलो, ती काही म्हणाली नाही. तिच्या मागे उभा राहिलो आणि वाकून तिच्या केसांत नाक घातलं, झाकण उघडल्यावर घालतो तसं. लगेच आला.

"शी!" मी म्हटलं. "तुझ्या केसांना मेलेल्या उंदराचा वास येतोय."

तिचा कंगवा थांबला. ती वळली नाही. "काय म्हणालात?"

"मेलेला उंदीर. आणि जळकं रबर. मळमळतंय मला."

तिने तोंडावर हात ठेवला. खांदे हलायला लागले. मला वाटलं, लागलं तिला. एवढ्या वर्षांनी बाईने हौसेने वासाचं तेल लावलं आणि नवऱ्याने हे म्हणावं. मी चाचरत म्हटलं, तेलाचा दोष नसेल, मला आज सगळ्यालाच येतोय, चहालाही, बिस्किटालाही.

ती वळली. डोळे वाहत होते, आणि ती हसत होती. माझी बाही धरून म्हणाली, "परत म्हणा."

मी परत म्हणालो.

"आणखी एकदा," ती म्हणाली, आणि केस माझ्या नाकाखाली धरले.